बिरगिटच्या फिल्ममधलं आमचं घर

परीक्षा जवळ आल्या की मला धुळीचा वास येतो. आमच्या तालुक्याच्या कॉलेजात तशी धूळ फार नाही. मार्चमध्ये इथे काजूच्या मोहोराचा वास असतो, खाडीकडून येणारा चिकट वारा असतो, झेरॉक्सच्या दुकानापुढे ताज्या गरम कागदांचा वास असतो. तरीही फलकावर वेळापत्रक लागलं की नाकाला पहिली जाणवते ती सौदीतल्या यान्बूची धूळ. फेब्रुवारी सरता सरता तिकडे वारा फिरायचा. सकाळीच आकाश हळदीच्या पाण्यासारखं व्हायचं आणि लांबच्या रिफायनरीच्या चिमण्या दिसेनाशा व्हायच्या. अम्मी टॉवेल ओले करून खिडक्यांच्या फटींत कोंबायची. संध्याकाळी ते तपकिरी झालेले असत, आणि तरीही वहीच्या पानावर बोट फिरवलं तर रेघ उमटत असे. अशा पानांवरून मी दहावीचा अभ्यास केला.

त्याच दिवसांत आमच्या घरात एक प्रश्न येऊन बसला होता. बिरगिटच्या फिल्ममध्ये अब्बांनी दिसायचं की नाही? तेव्हा त्याचं उत्तर दिलं गेलं. यंदा परीक्षेच्या तोंडावर तोच प्रश्न पुन्हा आला, म्हणून हे लिहायला घेतलं आहे. नीट जमेल की नाही मला ठाऊक नाही. आमच्या घरात कॉलेजात गेलेली मी पहिलीच. शिवाय मराठी आमच्या घरात फक्त बोलली जायची. शाळेत सगळं इंग्रजी, आणि अम्मी-अब्बांनी काही विचारलं तर मी हिंदीत उत्तर द्यायचे. मराठी लिहायला मी इथे आल्यावर शिकले. त्यामुळे अजूनही एखादं वाक्य लिहिताना कुणाच्या तरी घरात चपला घालून शिरल्यासारखं वाटतं.

बिरगिट म्हणजे डेन्मार्कची, फिल्म बनवणारी बाई. चित्रकारही होती. सत्तरी ओलांडलेली, उंच, खांद्यात किंचित वाकलेली, पांढरे केस अगदी बारीक कापलेले. तिची मुलगी मेटे यान्बूत नर्स होती. गुडघ्यांना थंडी सोसत नाही म्हणून बिरगिट हिवाळाभर मुलीकडे येऊन राहिली होती. आमच्याकडे ती आली ती अबाया, तिकडे बायका बाहेर घालतात तो पायघोळ काळा झगा, घेऊन. तिच्या उंचीला बाजारातला एकही अबाया पुरत नव्हता, आणि अम्मी घरी शिवणकाम करते हे मेटेला कुणीतरी सांगितलं होतं.

तिचं माप घ्यायला अम्मीला स्टुलावर चढावं लागलं. "ही बाई हाय का खजुराचा झाड?" अम्मी टेप तोंडात धरून पुटपुटली. बिरगिटने माझ्याकडे बघितलं. मी सांगितलं, अम्मी म्हणते तुम्ही उंच आहात. "एवढं लांबलचक बोलली आणि अर्थ एवढाच?" बिरगिटने विचारलं. मग मी खरं ते सांगितलं. ती इतकी हसली की अम्मीला माप पुन्हा घ्यावं लागलं.

अबायाला खालून काळी पट्टी जोडून झाली तरी ती येत राहिली. अम्मी मशीन चालवायची, ती खाली सतरंजीवर पाय लांब करून बसायची, आणि मी दोघींच्या मध्ये पुस्तक उघडं ठेवून दुभाष्याचं काम करायचे. तिचं आयुष्य मला असं मशीनच्या आवाजात, तुकड्यातुकड्यांनी कळलं.

"तुजा बाप काय करायचा?" अम्मीचा पहिला प्रश्न हाच असतो, कुणालाही.

"मासे पकडायचा. समुद्रात. आई कारखान्यात मासे कापायची."

अम्मीने मशीन थांबवलं. अम्मीचे वडील खाडीत जाळं टाकायचे. "हिला विचार, हाताचा वास कसा काढायची हिची आई?"

निघायचाच नाही, बिरगिट म्हणाली. रविवारी चर्चमध्ये लोक त्यांच्या बाकापासून जरा सरकून बसायचे. "लिंबू चोळायचा ना," अम्मी हळहळली, जणू अजूनही निरोप पोचवता येईल.

बिरगिटच्या घरातही शाळेच्या पुढे शिकलेली तीच पहिली. हे ऐकल्यावर मी पुस्तक मिटलं होतं. शिष्यवृत्ती मिळवून ती कोपनहेगनला चित्रकला शिकायला गेली. चित्रं काढून पुढे काय करणार, हे तिच्या आईला शेवटपर्यंत समजलं नाही. तिने आईबरोबर काम करणाऱ्या बायकांची मोठमोठी चित्रं रंगवली. प्रदर्शन लागलं, पेपरांत नाव आलं, श्रीमंतांनी चित्रं विकत घेतली. एक दिवस चित्रातली एक बाई आगगाडीने इतक्या लांब आली, स्वतःच्या चित्रापुढे उभी राहिली आणि म्हणाली, "माझा पुढचा दात पडलाय, तो तू सगळ्या राजधानीला दाखवलास. मला एकदा विचारायचं तरी."

त्यानंतर बिरगिटने कुणाचं चित्र एकटीच्या मर्जीने काढलं नाही. कुणाचा तरी कॅमेरा उसना घेऊन ती त्याच कारखान्यात परत गेली, आणि तेव्हाच तिने स्वतःला एक नियम घालून घेतला. जे टिपलं ते आधी त्या माणसाला दाखवायचं. त्याला नको असेल तर काढून टाकायचं. कारण विचारायचं नाही. एका घरातली दोन माणसं असतील तर दोघांना वेगवेगळं विचारायचं. पुढे तिने गोदीत काम करणाऱ्या तुर्की मजुरांवर फिल्म केली, तुरुंगातल्या बायकांवर केली, निर्वासितांना ठेवलेल्या एका गावावर केली. नियम सगळीकडे हाच. टीव्हीवाले वैतागायचे. त्यांनी तासाभराची फिल्म मागितलेली असायची, आणि लोकांनी स्वतःला काढून घेता घेता ती अर्धीही उरत नसे. "तुझ्या फिल्मला भोकं पडली आहेत," एक साहेब तिच्यावर ओरडले होते. तिने त्यांना सांगितलं, "पडली आहेत खरी. मोजून बघा, तेवढी माणसं घाबरलेली आहेत."

त्या वर्षी आमच्या आजूबाजूला घाबरलेली माणसं पुष्कळ होती.

अब्बांचं काम मोबाइल दुरुस्तीचं. त्यांच्या इकाम्यावर, म्हणजे तिथे राहायच्या परवान्यावर, धंदा लिहिला होता एसी मेकॅनिक. अर्ध्या बाजाराचं असंच होतं आणि तेव्हा कुणाला त्यात काही वावगं वाटत नसे. मग सौदीकरण आलं. मोबाइलच्या दुकानांत यापुढे तिथल्याच माणसांनी काम करायचं असा हुकूम निघाला. त्यांच्या मुलांनाही काम हवंच ना, असं अब्बा स्वतःच म्हणायचे. ते कधी कुणाला बोल लावत नसत. पण त्यांना दुसरं काम येत नव्हतं. कफिलाने, ज्याच्या नावावर दुकान होतं त्याने, त्यांना मागच्या बाजूला पार्टिशन घालून दिलं. पुढे सौदी माणूस बसायचा, मागे अब्बा वाकून सोल्डरिंग करायचे.

तपासणीवाले बाजारात शिरले की गल्लीच्या एका टोकाचं शटर पडायचं. मग शेजारचं, मग त्याच्या शेजारचं. तो आवाज आमच्या गच्चीपर्यंत यायचा, पत्र्यावरून कुणी काठी ओढत नेल्यासारखा. अम्मी हातातलं काम थांबवून ऐकत राहायची. थोड्या वेळाने जिन्यावर पावलं वाजायची आणि ती कणीक मळायला घ्यायची, जसं काही अब्बा रोजच भर दुपारी घरी येतात. अब्बाही "आज गिऱ्हाईक नव्हतं" म्हणायचे. मी इतिहासाचं पुस्तक समोर धरून बसायचे. त्यातलं एकही वाक्य मला आता आठवत नाही. शटरांचा क्रम मात्र आठवतो. आधी दोन जड, मग एक किरकिरणारं, मग आमचं.

एका शुक्रवारी नमाजानंतर अब्बांचे गाववाले आमच्याकडे जेवायला आले होते. रत्नागिरी-रायगडकडचे, बहुतेक कंपनीच्या मजूर कॅम्पात राहणारे वेल्डर आणि पाइप फिटर. त्यांत सगळ्यांत मोठ्याने बोलणारे सलीमचाचा, अब्बांचे लहानपणचे दोस्त. बिर्याणी झाली, सुलेमानी चहा झाला. या लोकांवर फिल्म करायचं ठरवून आलेल्या बिरगिटने सगळ्यांपुढे जाड कागद आणि पेन्सिली मांडल्या आणि छोटा कॅमेरा शिवणयंत्रावर ठेवला. बाहेर कॅमेरा काढायचा नाही असं मेटेने तिला बजावलं होतं. जे व्हायचं ते आमच्या चार भिंतींत.

"यांना सांग," ती मला म्हणाली, "इथे यान्बूत तुम्ही जिथे झोपता ती जागा काढा. खोली, खाटा, पंखा, जे असेल ते."

मी सांगितलं. कॅम्पातली खोली, असं स्पष्ट सांगितलं.

"पन्नाशीला चित्रकलेचा तास!" सलीमचाचा म्हणाले. "पोरी, चुकलो तर बाकावर उभा करणार काय ही?"

पण बसले सगळे. मोठी मोठी माणसं पालथी पडून, जीभ दातांत धरून काढत होती. एकमेकांचं बघत होती, कागद हाताने झाकत होती.

बिरगिट एकेक कागद उचलत गेली आणि तिचा चेहरा बदलत गेला. एकाही कागदावर खाट नव्हती. प्रत्येकाने आपलं गावचं घर काढलं होतं. स्लॅबचं घर, पुढे गॅलरी, खिडक्यांना ग्रील, कंपाउंडला गेट, गेटावर चांद-तारा. सलीमचाचांच्या गॅलरीतून तर समुद्र दिसत होता.

"अरे सलीम, तुजा घर डोंगरापल्याड ना? दर्या कुठून आला?" कुणीतरी विचारलं.

"नाय दिसत. पण काढला तर काय बिघडला?"

बिरगिटला वाटलं माझं सांगताना काही राहिलं. "पुन्हा सांग. जिथे यांची उशी आहे ती खोली." मी पुन्हा सांगितलं. सगळ्यांनी माना डोलावल्या, कागद उलटे केले आणि तेच घर मागच्या बाजूने काढलं. परसू, विहीर, न्हाणी, पपईचं झाड. "पुढून झाला," सलीमचाचा इतरांना समजावत होते, "आता मागून पाहिजे तिला. शिकलेली बाई हाय."

मला हसू आवरेना. बिरगिट मात्र हसली नाही. गुडघे धरत ती खाली बसली आणि सगळे कागद तिने सतरंजीवर पसरले. "तुर्की मजुरांनी मला खाटा काढून दिल्या होत्या," ती हळूच म्हणाली. "यांना खाटा दिसतच नाहीत." मला तोवर कधी वाटलं नव्हतं की यात काही वेगळं आहे. आमच्याकडे सगळे असेच राहायचे. राहायची जागा एक आणि राहतो असं समजायची जागा दुसरी.

अब्बांचं काढणं चालूच होतं. बाकीच्यांनी घर बाहेरून काढलं होतं. अब्बा माझी पट्टी घेऊन ते आतून काढत होते. हॉल, दोन खोल्या, मोरी, आणि हॉलच्या कोपऱ्यातून वर जाणारा जिना. वरचा मजला आदल्या वर्षीच झाला होता. दुकानाच्या भानगडीत अब्बांना सुट्टी घेता आली नव्हती. अम्मी आणि मी तेवढ्या जाऊन घर बघून आलो होतो.

अम्मी स्वयंपाकघराच्या दारात उभी राहून बघत होती. "जिना भायेर हाय," ती म्हणाली.

"भायेर?" अब्बांनी मान वर केली.

"भायेर. आत घेतला असता तर हॉल केवढा उरला असता? गवंडी बोल्ला, मी हो बोल्ले. तुमाना फोनवर सांगितलेला."

"उस्मान, सोताच्या घरात वाट चुकलास रे!" सलीमचाचा ओरडले आणि सगळे हसले. अम्मी सगळ्यांत जास्त वेळ हसत होती. तिला एकदा हसू आलं की थांबत नाही. अब्बाही हसले. मी रबर पुढे केला. त्यांनी तो हातात घेतला, पण जिना खोडला नाही.

"मी वर्षभर आतूनच वर जातोय," ते म्हणाले. कुणाला उद्देशून नव्हे. "झोपताना. रोज एकदा जाऊन येतो."

मग बिरगिटने कामाचं काहीतरी विचारलं, आणि एरवी चार शब्द न बोलणारे अब्बा बोलत गेले. पार्टिशनमागचं काम, शटरं, इकाम्यावरचा धंदा, सगळं. सलीमचाचा मध्ये दोनदा खाकरले. शेवटी अब्बा म्हणाले, "पोरीची दहावी झाली की दोघींना पाठवतो. मागून दोन वर्षांत मी पण जातो." हे सगळं मी इंग्रजीत सांगत होते. पाठवणार हे मला माहीत होतं. पण ते माझ्याच तोंडून परक्या भाषेत निघालं तेव्हा ते पहिल्यांदा खरं वाटलं.

तो सगळा मोसमच पाठवणीचा होता. कुटुंब ठेवण्यावर महिन्याचा कर बसला होता आणि आमच्यासारखी सगळी घरं फक्त दहावी-बारावीच्या परीक्षांसाठी थांबली होती. वर्गात रोज एखादा बाक रिकामा होत होता. बाई हजेरी घेताना एखादं नाव उच्चारायच्या, मग स्वतःच पुढे जायच्या. जिन्यांत फ्रिज उतरत होते, गाद्या उतरत होत्या. प्रत्येक घरात खोके आणि चिकटपट्टीचा करकर आवाज. माझी मैत्रीण विज्ञानाचा पेपर देऊन थेट विमानतळावर गेली. तिने मला टाटा केलं तेव्हा तिच्या हातात अजून पॅड होतं. परीक्षेच्या हॉलमध्ये एसी इतका थंड असायचा की बोटं वाकडी व्हायची, आणि बाहेर आलं की धुळीचा गरम श्वास तोंडावर. आजही पेपर लिहून बाहेर पडताना मी क्षणभर डोळे मिटते. इथे समोर फक्त सायकली असतात.

माझा शेवटचा पेपर झाला त्या आठवड्यात बिरगिट लॅपटॉप घेऊन आली. सगळ्यांचं आपापलं बघून झालं होतं. उरलं होतं आमचं घर. बसायला सोफा राहिला नव्हता, आम्ही खोक्यांवर बसलो. सलीमचाचा मुद्दाम आले होते.

पडद्यावर अब्बांचे हात आले, पट्टी आली, रेघा आल्या. अम्मीचं हसू आलं. मग अब्बांचा चेहरा, आणि ते शांतपणे सगळं सांगताहेत.

"येडा झालास काय उस्मान?" सलीमचाचांना धीर धरवेना. "इकाम्यावर एक काम, हातात दुसरा, आन वर तोंड दाखवून सांगतोस? कफिलानं बघितला तर खलास. तुजा इकामा जाईल, त्याचा दुकान."

"कफील काय डेन्मार्कची फिल्म बघायला जाणार?" अम्मी म्हणाली.

"भाभी, आजकाल सगळा मोबाइलवर येतो. आन तो मोबाइल ह्योच दुरुस्त करून देतो!"

अम्मी हसली नाही. "राहू दे त्यांना त्याच्यात," ती म्हणाली. आवाज चढला होता. "दुकानावर नाव दुसऱ्याचा. इकाम्यावर धंदा दुसरा. आपण गेलो की इथे उस्मान होता असा बोलणार कोण? एका तरी जागी माणूस हाय तसा दिसू दे."

"दिसून काय करू?" अब्बा म्हणाले. "तुमाला पाठवल्यावर मना इथेच राहायचा हाय."

लॅपटॉपवर चित्र थांबलं होतं, अब्बा अर्धं तोंड उघडून. खऱ्या अब्बांनी त्याच्याकडे बराच वेळ बघितलं. मग मला म्हणाले, "तिला सांग, घर राहू दे. मना काढ."

मी ते सांगितलं. बिरगिटने कारण विचारलं नाही. एवढंच विचारलं, "आवाजही? हातही?"

"हात पण. ह्यो डाग बाजारात सगळे ओळखतात." त्यांनी अंगठ्यावरचा सोल्डरिंगचा भाजल्याचा डाग दाखवला.

मग नियमाप्रमाणे तिने अम्मीला वेगळं विचारलं. अम्मी अब्बांकडे न बघता म्हणाली, "माजा सगळा ठेव. हसू पण."

जाताना बिरगिट जिन्यात थांबली. मी तिचा हात धरून तिला उतरवत होते. "ती दात पडलेली बाई," ती म्हणाली, "माझ्या कारखान्याच्या फिल्ममध्ये आधी नाही म्हणाली होती. बऱ्याच वर्षांनी स्वतः आली, आता घाल म्हणाली. लोक कधी कधी परत येतात. वाट बघावी लागते." मला तेव्हा तिचा रागच आला होता. वाट बघायला तिच्याकडे वर्षं होती, देश होता, मेटेचं ऊबदार घर होतं. आमच्याकडे विमानाची तिकिटं होती.

आता कॉलेजात वाचताना, थोडंफार समजायला लागल्यावर, तिच्या कामाबद्दल मला राग येत नाही, पण काळजी वाटते. ज्यांना दिसणं परवडतं तेच तिच्या फिल्ममध्ये उरत गेले असणार. गोदीतल्या मजुरांच्या फिल्ममधून, कपातीची बातमी आल्यावर, एक सोडून सगळ्यांनी स्वतःला काढून घेतलं होतं, असं तिनेच सांगितलं होतं. उरलेल्या माणसाला कामावरून आधीच काढून टाकलं होतं. मग ती आयुष्यभर ज्यांच्यासाठी झटली तेच तिच्या कामात दिसत नाहीत, याला काय म्हणायचं? पण न विचारता दाखवलं असतं तर? मी दोन्ही बाजूंनी विचार करते आणि दोन्हीकडे मला अब्बांचा चेहरा दिसतो. कदाचित तिलाही उत्तर सापडलं नसेल. सापडलं असतं तर ती सत्तरीत गुडघे धरत आमच्या सतरंजीवर का बसली असती?

दोन वर्षांत येतो म्हणालेले अब्बा अजून तिकडेच आहेत. यान्बूतलं काम सुटलं. आता ते हफ्र अल बातिनला असतात, एका कंपनीत, गच्चीवरचे एसी दुरुस्त करतात. इकाम्यावर पहिल्यापासून जे लिहिलं होतं ते काम त्यांना उतारवयात शिकावं लागलं. सुट्टीवर पहिल्यांदा आले तेव्हा हॉलच्या त्या कोपऱ्याशी जाऊन उभे राहिले, भिंतीवर हात ठेवला आणि मग बाहेरून वर गेले.

यंदाच्या हिवाळ्यात बिरगिट गेली. मेटेने मला कळवलं. तिच्या सगळ्या फिल्म आता एका संग्रहालयात कायमच्या जपून ठेवायच्या आहेत; त्याआधी, ज्यांनी ज्यांनी स्वतःला काढून घेतलं त्यांना शेवटचं एकदा विचारा, असं बिरगिटने सांगून ठेवलं होतं. काढलेलं सगळं तिने सांभाळलं होतं. तुझ्या वडिलांना विचारशील का, असं मेटेने विचारलं होतं, आणि सोबत फिल्म पाठवली होती.

मी ती अम्मीबरोबर वरच्या खोलीत बसून बघितली. एकामागून एक घरं येतात, सलीमचाचांचा समुद्र येतो, ते स्वतः येतात. कॅम्पात राहणारा माणूस, इकाम्यावर वेल्डर, कामही वेल्डरचं; त्यांना परवडत होतं. मग आमचं घर येतं. नुसता कागद. अम्मीचा आवाज येतो, "जिना भायेर हाय." त्यानंतर शांतता. मग पुन्हा अम्मीच, गवंड्याचं सांगते, हसते. कागदाला कुणी हात लावत नाही.

"मी येड्यासारखी एकटीच बोलतेय," अम्मी म्हणाली. तिने ओढणी तोंडाला लावली. "फोन लाव त्यांना."

अब्बा जेवत होते. मागे कुणाचा तरी टीव्ही चालू होता. मी सगळं सांगितलं आणि विचारलं, "अब्बा, आता काय अडचण हाय? इकामा तोच, काम तोच. आता कोण काय करणार?"

"अडचण नाय," ते म्हणाले. "त्याच्यात मी काय बोल्लो हाय, याद हाय ना तुला? दोन वर्षांत येतो."

"याद हाय," मी म्हटलं आणि फोन स्पीकरवर टाकला.

"ता लोकांनी कायमचा बघायचा? नको. तेव्हा कफिलाला भ्यालो, खरा हाय. आता कफिलाचा काय नाय."

अम्मीने माझ्या हातातून फोन घेतला. "तुमाला काय वाटायचा ता वाटू दे. माजा काय? मी बोलते आन समोर कोण नाय. बघणारा काय बोलेल? बाई भिंतीशी बोलते."

"मग हसलीस कशाला तेव्हा एवढा?"

"चुकलात म्हणून हसले!"

अब्बा हसल्याचं ऐकू आलं. मग त्यांनी फोन मला द्यायला सांगितलं. "ती जिना बोल्ली, त्यावर मी काय बोल्लेलो?"

"'भायेर?' एवढंच."

"तेवढा घाल. बाकी तोंड, हात, काय नको. तेवढा एक. ती एकटी नको बोलायला."

"आन बाकीचा?"

"बाकीचा मी आलो की बघू."

"एक शब्द!" अम्मी पलंगावरून म्हणाली. "कंजूस माणूस."

मी मेटेला तसं लिहिलं. एका शब्दासाठी फिल्म पुन्हा उघडावी लागेल, तिला त्रास होईल, असंही लिहिलं. तिने उत्तरात फक्त कामाला लागते एवढंच म्हटलं. काल तिने तो तुकडा पाठवला. अर्थशास्त्राचा पेपर उद्यावर होता, तरी अम्मी आणि मी तो पुन्हा पुन्हा लावून ऐकला. कागदावर घर आहे, कोपऱ्यात तो न बांधलेला जिना आहे. अम्मी म्हणते, "जिना भायेर हाय." आणि लगेच अब्बा विचारतात, "भायेर?" दिसत नाहीत, त्यामुळे आवाज घराच्या आतूनच आल्यासारखा वाटतो.